सांगितलेल्या कामाच्या पुढे

मी २०१३ मध्ये पुण्यातल्या एका छोट्या कंपनीत ट्रेनी म्हणून लागले. कंपनी घाऊक व्यापाऱ्यांसाठी बिलिंगचं सॉफ्टवेअर करते. औषधं, साबण, बिस्किटं विकणारे डिस्ट्रिब्युटर आमचे ग्राहक. कॉलेजात जावा आणि एसक्यूएल शिकले होते, पण काम मिळालं ते दुसऱ्यांनी लिहिलेल्या कोडमधले बग काढायचं. तिकीट यायचं, बग शोधायचा, दुरुस्त करायचा, की पुढचं तिकीट. टीममध्ये माझी तिकिटं सगळ्यांत लवकर बंद व्हायची.

मग माझ्याबरोबर लागलेल्या एकाला बढती मिळाली, मला नाही. अप्रेझलमध्ये मॅनेजर म्हणाले, "काम चांगलं आहे. पण सांगितलेलं काम करतेस." ते फार लागलं. न सांगितलेलं काम कुठून आणायचं, हे मला खरंच कळत नव्हतं. घरी काही बोलले नाही. नोकरी बदलायचं मनात होतं.

शेवटी टीममधल्या एका सीनिअर मॅडमना विचारलं. त्या म्हणाल्या, "अगं, तू तिकीट वाचतेस. ज्याने ते टाकलं त्याच्याशी कधी बोललीस का?" त्यांनीच मॅनेजरशी बोलून मला आठवड्यातून एक दुपार सपोर्टच्या फोनवर बसवलं. मला सगळ्यांत जास्त उपयोग कशाचा झाला असेल, तर तो या दुपारच्या बसण्याचा.

कोडमध्ये जे दिसत नाही ते तिथे ऐकू आलं. बिल करणारी मुलं माऊसला हात लावत नाहीत, सगळं कीबोर्डवर. संध्याकाळी सेल्समन ऑर्डरी घेऊन येतात आणि सकाळी गाडी सुटायच्या आत सगळी बिलं निघावी लागतात. सगळ्यांत मोठी डोकेदुखी परत आलेल्या मालाची. मुदत संपलेली औषधं, फुटलेले डबे कित्येक महिन्यांनी परत येतात आणि क्रेडिट नोट मूळ बिलाच्या हिशोबाने करायची असते. तिकिटांमध्ये हीच तक्रार वेगवेगळ्या शब्दांत यायची. मी अशी एकाच कारणाची तिकिटं एका वहीत एकत्र लिहायला लागले.

२०१७ च्या मे महिन्यात श्रीनगरच्या बैठकीत जीएसटी कौन्सिलने बहुतेक वस्तूंचे दर ठरवले. १ जुलैपासून ते लागू होणार होते. आमच्याकडे व्हॅटचे दर कोडमध्येच ठिकठिकाणी लिहिलेले होते. त्या जागी ५, १२, १८, २८ टाकून मोकळं व्हायचं, असं बोलणं चाललं होतं. मला ती वही आठवली. उद्या दर बदलला आणि आधी विकलेला माल नंतर परत आला, तर क्रेडिट नोटवर मूळ बिलाचाच दर हवा. म्हणजे सिस्टिमला जुना दरही माहीत पाहिजे. दर कोडमधून काढून टेबलमध्ये ठेवावेत, असं माझं मत झालं: वस्तूचा एचएसएन कोड, दर, कधीपासून, कधीपर्यंत. दर ठरवायचा तो बिलाच्या तारखेवरून.

पण मीटिंगमध्ये बोलायची मला भीती वाटायची. शाळा मराठी माध्यमाची. इंग्रजीत भराभर वाद सुरू झाला की माझा मुद्दा मनातच राहायचा. मॅडम म्हणाल्या, "लिहून पाठव." एका पानाचं टिपण केलं. आत्ता काय आहे, काय बदलू शकतं, दोन पर्याय, प्रत्येकाला किती वेळ लागेल, मला कोणता योग्य वाटतो आणि का. मीटिंगच्या आदल्या दिवशी पाठवलं. सगळे त्या टिपणावरच बोलले, मला फक्त उत्तरं द्यायची होती. एका सीनिअरचा विरोध होता. वेळ पुरणार नाही, असं त्यांचं म्हणणं, आणि ते खरं होतं. म्हणून दर भरायची स्क्रीन नंतर करायची आणि तोवर फाइलमधून दर चढवायचे, असं ठरलं. ज्यांना बोलायला जड जातं त्यांनी असं आधी लिहून पाठवून पाहावं.

जून अवघड गेला. एक-एक पैशाने आकडे जुळेनात. करपात्र रक्कम १०.५० आणि दर १८ टक्के असेल तर एकूण कर १.८९. पण सीजीएसटी आणि एसजीएसटी नऊ-नऊ टक्क्यांनी वेगळे काढून पैशापर्यंत राउंड केले तर ०.९५ दोनदा, म्हणजे १.९०. बिलात एक पद्धत, रिपोर्टमध्ये दुसरी. शेवटी कराचं सगळं गणित एकाच फंक्शनमध्ये आणलं आणि डबलच्या जागी बिगडेसिमल वापरलं.

त्याच वर्षी १५ नोव्हेंबरला पावणेदोनशेहून जास्त वस्तू २८ वरून १८ टक्क्यांवर आल्या. आम्ही नवीन दरांची फाइल चढवली. कोडला हात लावावा लागला नाही. पुढच्या अप्रेझलला मला बढती मिळाली. तेव्हापासून मी दर महिन्याला एका फाइलमध्ये लिहून ठेवते: कोणता निर्णय घेतला, का घेतला, पुढे काय झालं. ऐन अप्रेझलच्या वेळी वर्षभरातलं काही आठवत नाही.

सीनिअर झाल्यावर काम कसं बदलतं, हे कोणी सांगत नाही. बिल सरकारी पोर्टलवर नोंदवायच्या सक्तीची, म्हणजे ई-इन्व्हॉइसची, मर्यादा ५०० कोटींपासून उतरत ऑगस्ट २०२३ मध्ये ५ कोटींच्या उलाढालीवर आली आणि आमचे पुष्कळ ग्राहक त्यात आले. ते काम मी एका ज्युनिअर मुलाकडे दिलं. त्याने विचारलं, "पोर्टलचं उत्तर आलंच नाही, तर बिल पुन्हा पाठवायचं का? दोनदा नोंद होईल ना?" उत्तर मला माहीत होतं. तरी त्याला नियम वाचून टिपण लिहायला सांगितलं. त्याने शोधलं, की आयआरएन, म्हणजे पोर्टल बिलाला देतं तो नंबर, हा विक्रेत्याचा जीएसटी क्रमांक, आर्थिक वर्ष, कागदाचा प्रकार आणि बिल नंबर यांवरूनच बनतो. तेच बिल पुन्हा पाठवलं तर पोर्टल डुप्लिकेट म्हणून परत करतं, दुसरा नंबर देत नाही. टीमसमोर त्यानेच मांडलं. मी लिहिलं असतं तर लवकर झालं असतं, असं मला तेव्हा रोज वाटायचं. हात आवरणं सोपं नाही.

२२ सप्टेंबर २०२५ ला दर पुन्हा बदलले. १२ आणि २८ चे टप्पे जवळजवळ गेले, ५ आणि १८ राहिले, काही वस्तूंना ४० टक्के. याद्या जुळवणं, जुन्या दरांना शेवटची तारीख घालणं, परत आलेल्या मालाची तपासणी हे सगळं त्याच मुलाने केलं. मी फक्त रिव्ह्यू केला. त्या सकाळी आलेले बरेचसे फोन जुनी किंमत छापलेल्या मालाचं काय करायचं, हे विचारणारे होते. तेही त्यानेच घेतले.