घेण्याची हौस

इंग्रजीत ‘इमेशस’ असे एक विशेषण आहे. खरेदीची अनिवार ओढ असलेला, हा त्याचा अर्थ. शब्द इतका दुर्मीळ की वाचणारा त्याला ‘इमेशिएटेड’चा, म्हणजे अस्थिपंजर झालेल्याचा, सख्खा भाऊ समजतो. नाते मात्र मुळीच नाही. त्याचे कूळ लॅटिनमधील ‘एमेरे’, म्हणजे विकत घेणे, या क्रियापदाचे. त्यावरून ‘एमाक्स’ म्हणजे खरेदीचा शौकीन. इ. स. पूर्व दुसऱ्या शतकात रोमच्या केटोने शेतीवरील आपल्या ग्रंथात बजावले आहे की, कुटुंबप्रमुख विकणारा असावा, ‘एमाक्स’ नसावा.

माझी आई केटोच्या पसंतीस उतरली असती, पण निम्मीच. भाजीच्या पाट्या घेऊन ती वसईहून पहाटेच्या गाडीने मुंबईला जाई. परतताना रिकाम्या पाटीत काहीतरी असेच: एखादी कपबशी, रिबीन, गरज नसलेली चाळणी. मी तिला एकदा ‘खर्चिक’ म्हणालो. शब्द चुकला. तिला पैसे उडवायचे नसत, वस्तू घरी आणायची असे. दिवसभर गिऱ्हाइकांची घासाघीस सोसलेली ती, स्वतः घेताना मात्र कधी भाव पाडून मागत नसे.

‘रिडेम्प्शन’ हा शब्दही याच ‘एमेरे’चा: परत विकत घेणे, मोल देऊन सोडवून आणणे. प्रवचनांतून ‘तारण’ म्हणून ऐकलेल्या शब्दाला बाजाराचा वास आहे, हे शब्दकोश उघडेपर्यंत मला ठाऊक नव्हते. आईला ते सांगायचे राहून गेले. चाळणी अजून घरात आहे, कोरीच.