गुण्या आणि कंपास

हात कोपरात दुमडला की काटकोन तयार होतो. मानवाला मिळालेला हा पहिला गुण्या, आणि तो विकत घ्यावा लागत नाही. मराठी भाषेने हाताच्या या सांध्याला आणि दिवा व डोंबिवली यांच्यामधील आमच्या वस्तीला एकच नाव द्यावे, हा योगायोग मला नेहमी गमतीचा वाटतो. येथे दोन रेल्वेमार्गही एकमेकांना छेदतात. खालून कल्याणकडे जाणारा आणि वरच्या पुलावरून वसईकडे जाणारा. कोपरापासून मधल्या बोटाच्या टोकापर्यंतचे अंतर म्हणजे एक हात. पवित्र शास्त्रातील सारी बांधकामे याच मापाने मोजली गेली आहेत. नोहाचे तारू ३०० हात लांब, ५० हात रुंद आणि ३० हात उंच होते. शलमोन राजाचे मंदिर ६० हात लांब, २० हात रुंद आणि ३० हात उंच. देवाने आपल्या घराचे माप माणसाच्या शरीरावरून घेऊ दिले!

या मापांचा विचार करण्यास एक निमित्त घडले. आमच्या धर्मग्रामातील एक गृहस्थ, वय पंचेचाळिशीच्या आसपास, खासगी कंपनीत चांगल्या हुद्द्यावर आहेत. एका संध्याकाळी ते पत्नीसह भेटीस आले. त्यांच्या वरिष्ठांनी त्यांना फ्रीमेसन लॉजचे सदस्य होण्याविषयी सुचविले होते. त्यांनी खिशातून एक कार्ड काढले. त्यावर गुण्या आणि कंपास एकमेकांत गुंफलेले होते. “फादर, मंडळी सज्जन आहेत, दानधर्म करतात. मी जाऊ का?” ते म्हणाले. पत्नी मात्र घाबरली होती. “फादर, तुम्हीच सांगा यांना. तिथं जादूटोणा चालतो म्हणतात.”

जादूघर! हा शब्द जुना आहे. इंग्रजी अमदानीत हिंदुस्थानातील अनेक गावांत लोक लॉजच्या इमारतीला जादूघर किंवा भूतबंगला म्हणत. दार बंद, आत दिवे, बाहेर तलवार घेतलेला पहारेकरी. लोकांनी दुसरे काय म्हणावे? परंतु त्या गुण्याची आणि कंपासाची मूळ कथा जादूची नाही. ती घामाची आहे, आणि सांगण्यास मला आनंद वाटतो की ती मिस्सेच्या छायेत वाढलेली आहे.

मध्ययुगीन युरोपात कॅथेड्रल बांधणाऱ्या पाथरवटांचे संघ होते. सुमारे सहाशे वर्षांपूर्वीचे त्यांच्या नियमांचे एक पद्यबद्ध इंग्रजी हस्तलिखित ब्रिटिश लायब्ररीत जतन केलेले आहे. त्यात पाथरवटांच्या विद्येचा आरंभ ‘भूमिती’ असा सांगितला असून इजिप्तमध्ये सरदारांच्या मुलांना पोटापाण्याची विद्या म्हणून ती शिकविणारा गुरू म्हणजे युक्लिड, असे कवीने रंगविले आहे. इतिहास म्हणून हे कच्चे आहे, पण त्यामागील अभिमान पक्का आहे. त्याच पद्यात चार मुकुटधारी हुतात्म्यांची कथा येते आणि चर्चमध्ये शिरताना, मिस्सेच्या वेळी गुडघे टेकताना कसे वागावे याचा पाठही येतो. हे हुतात्मे शिल्पकार होते. डायोक्लेशियन बादशहाच्या काळी एस्क्युलापियस या देवाची मूर्ती घडविण्यास त्यांनी नकार दिला आणि प्राण दिले. (ते चार की पाच, याचा गोंधळ परंपरेने पुढे इतका वाढविला की विद्वान अजूनही तो सोडवीत बसले आहेत.) त्यांचा सण ८ नोव्हेंबरला येतो. फ्लॉरेन्सच्या ओरसानमिकेले चर्चच्या बाह्य भिंतीवर दगडी व लाकडी काम करणाऱ्यांच्या संघाने नान्नी दी बांको या शिल्पकाराकडून त्यांचे पुतळे करवून घेतले. वर संत उभे आहेत आणि खाली त्याच कोनाड्याच्या पायथ्याशी कारागीर काम करीत आहेत. ज्यांनी हे पाहिले त्यांना बंधुसंघ म्हणजे काय हे वेगळे सांगावे लागत नाही.

भूमितीला धर्माचे वळण केवळ युरोपातच मिळाले असे नाही. आपण मिस्सेसाठी जो ‘वेदी’ हा शब्द वापरतो, त्याच वेदीसाठी भारतात भूमिती जन्मली. शुल्ब म्हणजे दोरी. बौधायनाच्या शुल्बसूत्रात यज्ञवेदीची मापे दोरीने कशी आखावीत हे सांगितले आहे. एक अग्निकुंड चौकोनी, दुसरे गोल, तिसरे अर्धवर्तुळाकार, परंतु क्षेत्रफळ तिन्हींचे सारखे भरले पाहिजे. आयताच्या कर्णावरील चौरस हा दोन बाजूंवरील चौरसांच्या बेरजेइतका असतो, हा नियम तेथे दोरीच्या भाषेत आहे. शाळेत आपण तो पायथागोरसच्या नावाने शिकलो. त्या ग्रीक गुरूने इटलीच्या दक्षिण किनाऱ्यावर क्रोटोन येथे शिष्यांचा संघ स्थापिला. पाच टोकांचा तारा ही त्या संघातील परस्परांना ओळखण्याची खूण होती आणि ऐकलेले बाहेर बोलायचे नाही असा दंडक होता, असे प्राचीन लेखक सांगतात. एकीकडे भूमिती वेदी बांधते, दुसरीकडे ती दाराला कडी लावते. पुढील साऱ्या इतिहासात या दोन्ही वाटा मला दिसतात.

फ्रीमेसनांचा आधुनिक संघ लंडनमध्ये २४ जून १७१७ रोजी, स्नापक संत योहानच्या सणाच्या दिवशी, चार लॉज एकत्र येऊन उभा राहिला. तोवर दगड घडविणारे हात मागे पडले होते. सरदार, डॉक्टर, व्यापारी आत आले होते आणि हत्यारे केवळ चिन्हे होऊन राहिली होती. गुण्या म्हणजे सचोटी, कंपास म्हणजे वासनांना घातलेली मर्यादा, पाणसळ म्हणजे समता, ओळंबा म्हणजे सरळपणा. ओबडधोबड दगड म्हणजे असंस्कृत माणूस आणि घडविलेला चिरा म्हणजे संस्कारित माणूस. १७२३ साली छापलेल्या त्यांच्या नियमग्रंथाच्या आरंभीच्या चित्रात युक्लिडचा सत्तेचाळिसावा सिद्धांत, म्हणजेच आपल्या बौधायनाचा कर्ण, मधोमध काढलेला आहे. ही रूपके सुंदर आहेत, हे मान्य करण्यात मला कोणताही संकोच वाटत नाही. ओळंबा तर आमोस संदेष्ट्याच्या दर्शनातच आहे. परमेश्वर तो हाती धरून आपल्या प्रजेची भिंत तपासतो.

मुंबईतील त्यांचा इतिहासही सांगण्याजोगा आहे. पारशी समाजातील माणेकजी करसेटजी यांना इंग्रज लॉजने दार उघडले नाही, म्हणून ते फ्रान्समध्ये सदस्य झाले. पुढे जेम्स बर्न्स या स्कॉटिश डॉक्टरने १८४३ साली मुंबईत एतद्देशीयांसाठी ‘रायझिंग स्टार ऑफ वेस्टर्न इंडिया’ हे लॉज सुरू केले. साहेब आणि नेटिव एका मेजावर बसत नसत अशा काळात पारशी, मुसलमान आणि युरोपियन तेथे ‘भाऊ’ म्हणून एकत्र बसले. मात्र ही समता पाणसळीइतकी सरळ नव्हती. कलकत्त्याच्या प्रसन्नकुमार दत्त या हिंदू गृहस्थांना प्रवेश मिळण्यास १८७२ साल उजाडावे लागले, तेही दीर्घ वादानंतर. २४ नोव्हेंबर १९६१ रोजी भारताचे स्वतंत्र ग्रँड लॉज झाले. मुंबईत फोर्ट भागात त्यांची इमारत आजही आहे.

मग ख्रिस्तसभेचा नकार कशाला? तो भूमितीला नाही. देवाने सर्व काही माप, संख्या व वजन यांनुसार रचले, असे ज्ञानग्रंथ सांगतो. मध्ययुगीन चित्रकारांनी निर्माणकर्त्याच्या हातीच कंपास दिला. मिलानमध्ये संत अँब्रोजच्या काळातील स्नानसंस्कारगृह अष्टकोनी होते, कारण आठवा दिवस हा पुनरुत्थानाचा दिवस. त्रैक्याचा त्रिकोण कित्येक जुन्या वेद्यांवर कोरलेला आहे. हल्ली कोणीतरी मोबाइलवर संदेश पाठवितो की त्रिकोणातील डोळा ही गुप्त संघाची खूण आहे, आणि आमचे धर्मग्रामस्थ धास्तावून विचारतात, “फादर, आपल्या चर्चमध्ये हे कोणी घुसवलं?” कोणी घुसवलेले नाही. ते घरचेच आहे.

नकार आहे तो शपथेला आणि तिच्यामागील विचाराला. २८ एप्रिल १७३८ रोजी पोप क्लेमेंट बारावे यांनी पहिली बंदी घातली. १८८४ साली पोप लिओ तेरावे यांनी विस्तृत परिपत्रक काढले. १९८३ च्या नव्या धर्मसंहितेत मेसन हे नाव दिसेना, तेव्हा अनेकांना वाटले की बंदी उठली. परंतु ती संहिता लागू होण्याच्या आदल्या दिवशी, २६ नोव्हेंबर १९८३ रोजी, कार्डिनल रात्झिंगर यांच्या सहीचे निवेदन निघाले. जे सदस्य होतात ते गंभीर पापाच्या स्थितीत असून त्यांनी ख्रिस्तप्रसाद स्वीकारू नये, असे त्यात स्पष्ट म्हटले आहे. नोव्हेंबर २०२३ मध्ये फिलिपिन्समधील एका बिशपांना दिलेल्या उत्तरात रोमने पोप फ्रान्सिस यांच्या संमतीने तेच पुन्हा सांगितले. लॉजमध्ये ‘विश्वाचा महान शिल्पकार’ मानावा लागतो, पण तो कोण हे ज्याने त्याने आपापल्या परीने ठरवायचे. शिल्पकाराला तेथे मान आहे, परंतु सुताराच्या घरी वाढलेल्या त्याच्या पुत्राचे नाव दाराबाहेर ठेवावे लागते. ख्रिस्ती माणसाने हे नाव बाहेर ठेवून आत बंधू शोधावेत कसे?

आपल्या बाजूनेही एक गोष्ट सांगितली पाहिजे. एकोणिसाव्या शतकात लिओ तॅक्सिल नावाच्या फ्रेंच लेखकाने मेसन मंडळी सैतानाची पूजा करतात अशी भयंकर पुस्तके लिहिली. कॅथॉलिक वाचकांनी ती मिटक्या मारीत वाचली. १९ एप्रिल १८९७ रोजी पॅरिसमध्ये भरसभेत त्याने जाहीर केले की हे सारे त्याने रचलेले होते. असत्याने सत्याचे रक्षण होत नाही. म्हणून मी त्या भगिनीस म्हणालो, “ताई, जादूटोण्याचे मनातून काढून टाका.” आणि तिच्या पतीस म्हणालो, “तुम्ही जाऊ नका. पण भीतीपोटी नव्हे. तुम्ही अगोदरच एका संघाचे आहात म्हणून.”

त्यावर ते जे बोलले ते माझ्या मनातून जात नाही. “फादर, पंधरा वर्षं मी या चर्चमध्ये येतो. माझ्या मागच्या बाकावर कोण बसतं ते मला ठाऊक नाही. तिथं पहिल्याच दिवशी वीस माणसांनी माझा हात हातात घेतला.”

याचे उत्तर पोपच्या परिपत्रकात नाही. ते अमेरिकेत न्यू हेवन येथील एका तरुण सहायक धर्मगुरूने शोधले. मायकल मॅकगिव्हनी यांनी पाहिले की घरचा कर्ता पुरुष गेला की स्थलांतरित कुटुंबे उघडी पडतात आणि विम्याच्या आधारासाठी पुरुष गुप्त संघांकडे वळतात. त्यांनी १८८२ साली चर्चच्या तळघरात ‘नाइट्स ऑफ कोलंबस’ हा संघ उभा केला. ३१ ऑक्टोबर २०२० रोजी त्यांना धन्यवादित घोषित करण्यात आले. आपल्या वसईत मोन्सिनियर पी. जे. मोनिस यांनी १९१८ साली सहकारी पतसंस्थेचा पाया घातला, ती आजची बॅसीन कॅथॉलिक बँक. सावकाराच्या दारी जाणाऱ्या शेतकऱ्याला त्यांनी बंधुत्वाचा उपदेश केला नाही, कर्ज मिळवून दिले.

त्या गृहस्थांच्या मागच्या बाकावर कोण बसते हे मला माहीत आहे. ते जालना जिल्ह्यातून आलेले एक गवंडी आहेत. रविवारी साडेसातच्या मिस्सेला येतात आणि शेवटच्या आशीर्वादाबरोबर निघतात. वसईचे, मंगळूरचे, गोव्याचे आणि केरळचे लोक आमच्या धर्मग्रामात आपापल्या गटाने गप्पा मारीत उभे असतात. त्या घोळक्यांतून वाट काढीत ते फाटकाबाहेर पडतात. एकदा चर्चच्या आवारात भिंत घालताना त्यांनी मला पायाची आखणी दाखविली. कोपऱ्यापासून एका दोरीवर तीन फुटांवर खूण, दुसऱ्या दोरीवर चार फुटांवर खूण. “आता तिरकं मोजा फादर. पाच भरलं का? भरलं म्हंजी कोपरा गुण्यात आला.” बौधायन, युक्लिड वा लॉज यांतले काही त्यांच्या कानावर गेलेले नाही. त्या चिन्हांचा अर्थ सांगणाऱ्या साऱ्या दिवाणखान्यांत मी मनाने फिरून आलो. गुण्या कामासाठी हाती धरणारा माणूस एकातही दिसला नाही.

आपल्या प्रेषिताच्या हाती मात्र तो आहे. संत थॉमसच्या चित्रांत त्याच्याजवळ गुण्या असतो तो तिसऱ्या शतकातील ‘थॉमसची कृत्ये’ या सिरियाक ग्रंथामुळे. त्यात हब्बान व्यापारी त्याला कारागीर म्हणून विकत घेऊन गोंडोफरस राजाकडे आणतो. राजाची नाणी सापडली आहेत, तेव्हा राजा काल्पनिक नव्हे. थॉमस बोरू घेऊन जमिनीवर महालाचा आराखडा काढतो. दारे उगवतीकडे, खिडक्या मावळतीकडे. राजा खूश होतो, पैसे देतो, आणि थॉमस ते सारे गोरगरिबांत वाटून टाकतो. महाल कुठे आहे, असे राजा विचारतो तेव्हा उत्तर मिळते की तो स्वर्गात बांधून झाला आहे. एवढी आखणी करून शेवटी भिंत एकही नाही! सहाव्या शतकात कॉसमास नावाच्या प्रवाशाने ‘कल्याण’ येथे ख्रिस्ती लोक व पर्शियातून आलेला बिशप असल्याचे लिहिले. अनेक इतिहासकार ते आपलेच कल्याण मानतात, आमच्यापासून लोकलने काही मिनिटांवर.

गेल्या ३ जुलैला, संत थॉमसच्या सणादिवशी, अर्पणाच्या वेळी भाकर आणि द्राक्षारसाबरोबर एक गुण्या वेदीपाशी आणावा असे मी ठरविले. गवंडीकाकांना विचारले. ते सकाळी साडेसहाला कामाच्या कपड्यांतच आले. लोखंडी गुण्या, कडा झिजलेल्या, एका पात्यावरचे आकडे पुसलेले. त्यांनी तो माझ्या हाती दिला आणि हळूच म्हणाले, “फादर, मिस्सा झाली की लगेच द्या हां. आठला साइटवर पोचायचंय, आन् दुसरा नाही माझ्याकडं.”