वनवासाचं कापड नव्हे

ऑकलंड

प्रिय मावशी,

कैकेयीने सीतेपुढे वल्कलं टाकली, या प्रसंगाला तू अजून डोळे पुसतेस. इथल्या टोंगन बायकांना तो सांगितला तर त्या विचारतील, एवढी दौलत दिली, मग रडायचं कशाला?

सालीच्या कापडाला त्या न्गातू म्हणतात. ते बायकांचं धन. लग्न, मयत, राज्याभिषेक, काहीच त्याच्यावाचून पार पडत नाही.

झाड हियापो, म्हणजे कागदी तुती. ते मूळचं टोंगाचं नव्हे, दर्यावर्दी पूर्वजांनी होड्यांतून आणलेलं; २०१५ साली जनुकीय तपासणीत त्याचं नातं दक्षिण तैवानशी जुळलं. वाढताना बाजूचे फुटवे खुडत राहायचे, नाहीतर सालीला तिथे भोक पडतं. खोड तोडून साल सोलायची, वरचा खरखरीत पापुद्रा काढायचा आणि आतली पांढरी साल ओंडक्यावर ठेवून इकेने बडवायची. इके म्हणजे चौकोनी लाकडी बडवणं, तीन बाजूंना खाचा, चौथी गुळगुळीत. दोन-चार बोटं रुंद पट्टी बडवता बडवता वीतभर पसरते. ना सूत, ना माग! मग लांब फळीच्या दोन्ही अंगांना बायका बसतात, दोन थर अर्धवट शिजलेल्या कंदाने चिकटवतात. खाली उठावाचे नक्षीपट असतात. वरून कोका नावाच्या झाडाच्या सालीच्या तपकिरी रंगाचा बोळा घासला की नक्षी उमटते. (कोका आपल्या सह्याद्रीतही वाढतो, बरं का.)

नक्षी सगळी पुरातन असते असं समजू नकोस. दुसऱ्या महायुद्धात टोंगाने ब्रिटनला स्पिटफायर विमानांसाठी पैसे दिले, आणि विमानं थेट न्गातूवर उतरली. हा धीटपणा मला फार आवडतो.

वेलिंग्टनच्या ते पापा संग्रहालयात एक न्गातू आहे, तुझ्या अडीच नऊवारींएवढा लांब. १९५३ साली राणी एलिझाबेथच्या टोंगाभेटीसाठी केलेला. १९६५ साली टोंगाच्या सालोते राणी ऑकलंडमध्ये वारल्या, तेव्हा त्यांची शवपेटी मायदेशी नेताना तोच वापरला.

इथे तुती मुबलक नाही, म्हणून बायका शिवणकामातलं कृत्रिम अस्तर घेऊन न्गातू करतात. काहीजण नाक मुरडतात. मला त्यात काही गैर वाटत नाही. रंग घासायला बायका जमतात त्या जमतातच.

ओटाराच्या शनिवारच्या बाजारात छोटे तुकडे मिळतात. सालीचा हवा की अस्तराचा, ते कळव. सालीचा घेतलास तर पाण्यात घालायचा नाही, आधीच सांगून ठेवते.

तुझी,
सुमी