न झालेले गोल

फॉरवर्डनं गोल केला की फलकावर आकडा चढतो. डिफेन्समननं गोल होऊ दिला नाही, तर फलक होता तसाच राहतो. मग त्याचं काम मोजायचं कशात? डेट्रॉइटच्या उपनगरात मी मुलांना बर्फावरची हॉकी शिकवतो, त्यातही डिफेन्सला उभं राहणाऱ्यांना. हा प्रश्न मला मुलं कमी आणि त्यांचे आईबाप जास्त विचारतात.

खेळाची तोंडओळख थोडक्यात करून देतो. रिंक २०० फूट लांब आणि ८५ फूट रुंद. एका संघाचे एका वेळी सहाजण बर्फावर असतात: गोलकीपर, तीन फॉरवर्ड आणि दोन डिफेन्समन. चेंडूऐवजी पक, म्हणजे साधारण १७० ग्रॅम वजनाची कडक रबराची चकती. पाऊण मिनिटाच्या आसपास जीव तोडून खेळायचं आणि बाकावर परतायचं, तोवर दुसरी जोडी आत उतरते.

या सगळ्यात डिफेन्समनचं वेगळेपण म्हणजे तो उलटा धावतो. समोरचा खेळाडू पूर्ण वेगानं अंगावर येत असतो आणि हा पाठीकडे स्केटिंग करत त्याच्याकडे तोंड करून मागे सरकतो. दोघांमधलं अंतर, ज्याला आम्ही ‘गॅप’ म्हणतो, हेच त्याचं खरं शस्त्र. गॅप फार ठेवली तर समोरच्याला नेम धरायला सवड मिळते; फार कमी केली तर तो बगल देऊन निसटतो. मी सांगलीत कबड्डी बघत वाढलो. चढाईच्या सुरुवातीला मागे सरणारा, पण चढाईपटूला कोपऱ्याकडे ओढत नेणारा कोपऱ्यावरचा गडी ज्यांनी पाहिला आहे, त्यांना हे वेगळं सांगायला नको. बर्फावरही मारायला धावायचं नसतं. नजर पकवर नाही, समोरच्याच्या छातीवर ठेवायची, स्टिकचं पातं पासच्या वाटेत टेकवायचं आणि त्याला हळूहळू कडेच्या कठड्याकडे ढकलत न्यायचं. तिथून मारलेला पक गोलकीपरला सहसा जड जात नाही.

हे मी ज्याच्या जुन्या चित्रफिती दाखवून शिकवतो, तो निक्लास लिडस्ट्रॉम. स्वीडनमधला, व्हॅस्टेरोसच्या क्लबातून आलेला. नव्या खेळाडूंच्या १९८९च्या निवडीत डेट्रॉइट रेड विंग्जनं त्याला तिसऱ्या फेरीत, ५३व्या क्रमांकावर घेतलं. त्याच निवडीत ७४व्या क्रमांकावर सर्गेई फेदोरोव्ह आणि २२१व्या क्रमांकावर व्लादिमिर कॉन्स्टँटिनोव्ह त्यांच्या हाती लागले. अशी निवड एखाद्या संघाला पिढीतून एकदा साधते. १९९१ साली लिडस्ट्रॉम डेट्रॉइटला आला. युरोपातली रिंक इथल्यापेक्षा बरीच रुंद. इथे कठडा जवळ, धक्का लवकर, विचाराला वेळ कमी. त्याला हे जड गेलं असेलही, पण पहिल्या हंगामाच्या चित्रफितींत मला तरी ते दिसत नाही.

त्याचा कस लागला १९९७च्या स्टॅन्ली कपच्या, म्हणजे लीगच्या अजिंक्यपदाच्या, अंतिम फेरीत. समोर फिलाडेल्फिया फ्लायर्स, आणि त्यांचा एरिक लिंड्रॉस: सहा फूट चार इंच, अंगानं आडदांड, दोन्ही बाजूंचे साथीदारही तसेच. सगळ्यांची अटकळ होती की प्रशिक्षक स्कॉटी बोमन धडकेला धडक देणार, म्हणजे कॉन्स्टँटिनोव्हला लिंड्रॉसच्या अंगावर सोडणार. बोमननं भलतंच केलं. लिडस्ट्रॉम आणि लॅरी मर्फी ही जोडी लावली. दोघंही अंगावर जाणारे नव्हेत, दोघांचंही डोकं थंड. हिशेब असा की लिंड्रॉसला धक्का द्यायला कुणी भेटूच नये. पक त्याच्यापर्यंत पोचण्याआधी काढून घ्यायचा आणि एका नेमक्या पासनं आपल्या भागाबाहेर घालवायचा. डेट्रॉइटनं ती फेरी ४-० अशी जिंकली. लिंड्रॉसनं अख्ख्या मालिकेत एक गोल केला, तोही शेवटच्या सामन्याची शेवटची पंधराएक सेकंदं उरली असताना. बोमनच्या या एका निर्णयात डिफेन्सचं अख्खं पाठ्यपुस्तक आहे, असं माझं मत.

कप जिंकून आठवडाही झाला नव्हता तोच कॉन्स्टँटिनोव्ह एका मोटार अपघातात जबर जखमी झाला आणि त्याची कारकीर्द तिथेच संपली. त्याच वर्षी नॉरिस ट्रॉफीच्या, म्हणजे सर्वोत्तम डिफेन्समनच्या मतदानात तो दुसरा आला होता. बचावाचा भार आता लिडस्ट्रॉमवर आला. पुढच्या वर्षी रेड विंग्जनं पुन्हा कप जिंकला, तेव्हा चाकाच्या खुर्चीतल्या कॉन्स्टँटिनोव्हला कपासह बर्फावर फिरवलं.

नॉरिस ट्रॉफीनं मात्र लिडस्ट्रॉमला ताटकळत ठेवलं. १९९८, १९९९ आणि २००० अशी तीन वर्षं तो दुसराच. मत देणारे पत्रकार. आदळआपट, लांबून मारलेले फटके त्यांच्या डोळ्यांत भरतात, योग्य जागी उभा असलेला माणूस भरत नाही. २००१मध्ये, वयाच्या एकतिसाव्या वर्षी, ती त्याला पहिल्यांदा मिळाली, आणि ती मिळवणारा तो पहिला युरोपीय ठरला. त्यानंतर आणखी सहा वेळा. सातवी २०११ची, आणि तिथे मला हसू येतं. तो बर्फावर असताना झालेले आणि खाल्लेले गोल यांची वजाबाकी कारकीर्दभरात अधिक ४५०. उणे गेलेला हंगाम एकच, तो हाच. डोळ्यांत भरायला अखेर वयाची चाळिशी लागली म्हणायची.

२००४-०५चा हंगाम मालक आणि खेळाडूंच्या भांडणात वाया गेला. खेळ परतला तेव्हा समोरच्याला धरणं, स्टिक अडकवणं, ओढणं यांवर पंच कडक झाले. पकडापकडीवर पोट भरणारे कितीतरी डिफेन्समन वर्षभरात उघडे पडले. लिडस्ट्रॉमनं मात्र परतल्यावरच्या पहिल्याच हंगामात गोल आणि गोलसाठीचे पास मिळून ८० गुण मिळवले, ही त्याच्या कारकिर्दीतली सर्वोच्च कमाई, आणि तिथून सलग तीन नॉरिसही. त्यानं कधी धरलंच नव्हतं. १५६४ सामन्यांत नियमभंगासाठी बाहेर बसण्याची एकूण ५१४ मिनिटांची शिक्षा. म्हणजे सरासरी सहा सामन्यांत दोन मिनिटांची एक.

आक्रमणातही हेच डोकं. डेट्रॉइटच्या जुन्या जो लुईस अरीनातले कठडे फार उसळी द्यायचे. लिडस्ट्रॉम ब्लू लाइनवरून, म्हणजे समोरच्यांच्या भागाच्या सीमारेषेवरून, मुद्दाम गोलाच्या बाजूला मारायचा. पक मागच्या कठड्यावर आपटून थेट साथीदाराच्या स्टिकवर. पाहुण्या संघांना वाटायचं, नेम चुकला. २००६च्या तुरीन ऑलिम्पिकच्या अंतिम सामन्यात तिसरा भाग सुरू होऊन दहा सेकंदं झाली असताना मात्र त्यानं सरळ मारला, आणि स्वीडननं फिनलंडवर ३-२ असं सुवर्ण जिंकलं.

२०१२मध्ये, बेचाळिसाव्या वर्षी, तो थांबला. मुलांना मी दाखवतो ती फीत त्याआधीची, १२ जून २००९ची, स्टॅन्ली कपच्या अंतिम फेरीतल्या पिट्सबर्गविरुद्धच्या सातव्या, निर्णायक सामन्याची. डेट्रॉइट १-२ मागे, काही सेकंदं शिल्लक. साथीदाराच्या फटक्यावरून उसळलेला पक डावीकडे येतो आणि तिथे लिडस्ट्रॉम हजर असतो, आपली ब्लू लाइन सोडून. त्याचा फटका फ्लरी हा गोलकीपर आडवा झेपावून अडवतो आणि कप पिट्सबर्गला जातो. मुलं फ्लरीच्या झेपेवर ओरडतात. मी फीत मागे नेतो आणि विचारतो, यानं जागा कधी सोडली? कुणी म्हणतं पहिला फटका बसल्यावर, कुणी म्हणतं त्याच्याही आधी. मग ती चार सेकंदं आम्ही पुन्हा चालवतो.