बिनकानाचा कप

२०१९च्या एप्रिलात आमच्या आणे गावच्या चौकात मी एक वाक्य टाकलं आणि चांगला हशा मिळवला. म्हणालो, "तोंडाचा रंग पुसल्यावर खाली काय राहतं ते आधी बघा, मग बटण दाबा." रोख डॉ. अमोल कोल्हे यांच्यावर होता. माणूस आमच्याच तालुक्यातला, नारायणगावचा. केईएममध्ये शिकून डॉक्टर झालेला, मग 'राजा शिवछत्रपती'त शिवाजी महाराज आणि २०१७पासून 'स्वराज्यरक्षक संभाजी'त शंभूराजे झालेला. आधी शिवसेनेत होते, लोकसभा निवडणुकीच्या तोंडावर राष्ट्रवादीत आले. समोर तीन वेळा खासदार झालेले शिवाजीराव आढळराव पाटील.

माझा मुद्दा मला बिनतोड वाटत होता. लोक कोल्ह्यांना मत देत नाहीत, शंभूराजांना देतात. आमच्या भावकीतली एक आजी टीव्हीपुढं बसताना डोक्यावर पदर घ्यायची. तिचं उदाहरण मी दहा ठिकाणी दिलं असेल. तीस-एक वर्षं मास्तरकी केलेली, त्यामुळं दुसऱ्याच्या वहीवर लाल रेघ मारायची सवय हाताला होतीच. सुमारे ५८ हजारांनी कोल्हे निवडून आले तेव्हा मी म्हणालो, "बघा, मालिका जिंकली." आता सांगायला हरकत नाही, तोवर मी त्या मालिकेचा एकही भाग पाहिलेला नव्हता.

माझा मुद्दा मोडला तो २०२२च्या जानेवारीत, आणि मोडला तो मीच. कोल्ह्यांनी नथुराम गोडसेची भूमिका केलेला एक चित्रपट त्या महिन्यात गाजला. काम २०१७मधलं, ते राष्ट्रवादीत आले त्याआधीचं. पण माझं डोकं फिरलं. माझे वडील खादी वापरायचे. गांधीजींचा फोटो आमच्या घरात देवघराशेजारी आहे. मी पुतण्याला म्हणालो, "नथुराम झालेला माणूस आपला खासदार! लाज वाटते." पुतण्या मोबाईलवरून मान वर न करता म्हणाला, "तात्या, म्हणजे तुम्हीपण रंगालाच धरून बसला की. म्हातारीनं शंभूराजांना धरलं, तुम्ही नथुरामला."

मी उत्तर दिलं नाही. होतंच कुठं?

त्यानंतर कोल्हे त्या भूमिकेबद्दल आळंदीला जाऊन इंद्रायणीच्या घाटावर आत्मक्लेशासाठी बसले. पहिल्या झटक्यात मी तेही 'नाटक' म्हणून टाकलं. ते खरं होतं की दाखवण्यापुरतं, हे आजही मी सांगू शकत नाही. तशी भूमिका घ्यावी का, हा वाद निराळा आणि त्यात माझं मत अजून जुनंच आहे. पण नटाला एका पारड्यात शंभूराजांच्या नावानं हलकं करायचं आणि दुसऱ्यात नथुरामच्या नावानं जड करायचं, हा वजनकाटा खोटा होता आणि तो माझा होता.

पुढच्याच महिन्यात निमगाव दावडीच्या शर्यतीच्या घाटात त्यांनी बारीपुढं घोडी धरली. बैलगाडा शर्यतींवरची बंदी आधीच्या डिसेंबरात सुप्रीम कोर्टानं उठवलेली. ज्यानं घाट पाहिलाय त्याला माहीत आहे, जुकाटाचे बैल मागून सुटल्यावर घोडीवर बसणं हा काही मेकअपचा खेळ नाही. चौकात सगळे वाहवा करत होते. मी गप्प राहिलो, एवढीच माझी प्रगती.

मुद्दा गेला तरी अढी का जात नाही, याचा विचार करायला लागलो तेव्हा एक कप आठवला.

माझ्या आजोळच्या यात्रेला तमाशा असायचा. पाडव्याच्या आसपास मामा आणि यात्रा कमिटीची मंडळी नारायणगावला जायची. तिथं फडांच्या राहुट्या लागतात. या राहुटीतून त्या राहुटीत भाव करत सुपारी ठरते. तमाशा गाजवणाऱ्या विठाबाईंचं नारायणगाव ते. त्यांना राष्ट्रपतींचं पदक मिळालेलं, हे मामा अभिमानानं सांगायचा. तर एका यात्रेच्या सकाळी सोंगाड्या मामाच्या अंगणात बसून खोबरेल तेलानं तोंड पुसत होता. रात्री त्यानं पाटलाची, तलाठ्याची, सगळ्यांची उतरवली होती आणि गाव हसून लोळलं होतं. मामीनं चहा माझ्या हातात दिला. कप गोठ्याच्या कोनाड्यातला, कान तुटलेला. बिनकानाचा म्हणून चटका बसू नये यासाठी मी तो सदऱ्याच्या टोकात धरून नेला. त्यानं दोन घोटांत संपवला, स्वतःच हौदावर विसळला आणि पालथा घालून ठेवला. त्याला सवय होती. मी आठ-नऊ वर्षांचा असेन. मला त्यात काहीच वावगं वाटलं नाही.

कोल्ह्यांना कुणी असा कप दिला नसणार. ते डॉक्टर, त्यांचं सगळंच वेगळं. पण नाचणाऱ्या-गाणाऱ्यानं आमच्या ओट्याखाली बसावं, आम्ही सुपारी द्यावी आणि त्यानं आमच्यापुढं हात जोडावेत, ही मांडणी माझ्या अंगात तिथूनच आली असावी. चौकातल्या माझ्या 'रंग पुसा'ला जो हशा मिळाला, तोही त्याच कोनाड्यातला. विधान परिषदेतल्या ७८ जागांपैकी १२ राज्यपाल साहित्य, कला, विज्ञान अशा क्षेत्रांतल्या माणसांतून भरतात, हे मी वर्षानुवर्षं नागरिकशास्त्रात फळ्यावर लिहिलं. १९७८मध्ये ना. धों. महानोर तसे आमदार झाले. 'जैत रे जैत'ची गाणी लिहिणारा हा माणूस सभागृहात शेती आणि पाण्यावर बोलला. मुलांकडून मी ते पाठ करून घेतलं आणि चौकात आल्यावर विसरलो.

पाण्याचं आम्हाला सांगायला नको. तालुक्यात पाच धरणं, आणि आणे घाट चढून वर आलं की पठारावर उन्हाळ्यात टँकरची वाट. रंगदास स्वामींच्या उत्सवाला आमटी-भाकरीची पंगत बसते तेव्हा शेजारी कुठल्या पक्षाचा माणूस बसलाय हे कुणी बघत नाही. पण पठारावर पाणी कधी, हा विषय भाकरी कुस्करता कुस्करता निघतोच. कोल्हे २०२४ला पुन्हा आले, या वेळी सुमारे १ लाख ४० हजारांनी. मी मत कुणाला दिलं ते सांगणार नाही. त्यांच्या भाषणात आता मी आवाजाचे चढ-उतार मोजत नाही, पठाराचं नाव येतं का तेवढं ऐकतो. आलं नाही तर चिडतो, आणि ती चीड इतर कुठल्याही खासदारावर असते तेवढीच असते.

गेल्या पावसाळ्यात पुतण्यानं मोबाईलवर 'स्वराज्यरक्षक संभाजी' लावून दिली. रोज रात्री दोन-दोन भाग बघतो. संगमेश्वरापर्यंत आलोय. पुढं काय होणार ते शाळेत मीच शिकवलंय, तरी आठवडा झाला, पुढचा भाग लावायला हात होत नाही.