घरी आणताना गळलेलं

'सामुराई शोडाउन', १९९३. एसएनकेचा निओ-जिओ यंत्रावरचा खेळ. साताऱ्यात व्हिडिओ गेम पार्लर म्हणजे पडदा लावलेला अंधारा गाळा, आत चार यंत्रं, गल्ल्यावर टोकनं. पुढे ताकारा कंपनीने हाच खेळ घरच्या टीव्हीसाठी कार्ट्रिजमध्ये बसवला. बसवताना जे गळलं आणि नंतर जे आपोआप गेलं, त्याची ही टाचणं.

झूम. पार्लरात दोघे लांब गेले की कॅमेरा मागे सरे, भिडले की अंगावर येई. तलवारबाजीत अंतर हाच सगळा खेळ; एक फटका चुकला की अर्धा जीव गेलाच. घरी मेगा ड्राइव्ह यंत्रावर कॅमेरा कायम जवळ, सुपर निन्टेंडोवर कायम लांब. लांबून खेळाचा नायक हाओमारू एवढासा दिसतो, त्याची तलवार काडीएवढी. म्हणून मला जवळचाच बरा वाटे. निदान पातं तरी दिसायचं.

अर्थक्वेक. साखळीला विळा बांधून फिरवणारा अगडबंब गडी. मूळ खेळ ११८ मेगाबिटचा, मेगा ड्राइव्हचं कार्ट्रिज २४चं. बारा लढवय्यांतले अकराच त्यात बसले. वगळला तो सगळ्यांत जाडा, हे हिशेबाला धरूनच झालं.

गेनानचा पंजा. नखांचा पंजा लावून लढणारा गडी; त्याचा पंजा मात्र घरी शाबूत पोचला. जुलै २०२४मध्ये लंडनहून आलेली वाघनखं साताऱ्याच्या संग्रहालयात मांडली, तेव्हा रांगेतले चाळिशीचे बाप पोरांना अफझलखान सांगत होते. गेनानचं नाव कुणी काढलं नाही, आणि तेच योग्य.

शेवटचा शत्रू अमाकुसा. खरा अमाकुसा १६३८मध्ये जपानात मारला गेला. खेळात तो दीडशे वर्षांनी उठून येतो. तेव्हा इकडे साताऱ्याच्या गादीवर धाकटे शाहू होते. ही सांगड इतिहासाच्या तासाला कुणी घातली नाही.

कोंबडी. लढाई ऐन रंगात आली की मागून एक डाकवाला पळत जाई आणि वाटेत काहीतरी टाके: कधी भाजलेली कोंबडी, कधी बॉम्ब. कोंबडी खाल्ली की जीव भरे. त्यामुळे दोन्ही सामुराई वैर सोडून तिच्यामागे.

बटणं ठोकणं. तलवारीत तलवार अडकली की जो जास्त ठोकेल तो जिंके. हरणाऱ्याचं शस्त्र हातातून उडे आणि त्याला नुसत्या हातांनी लढावं लागे. अख्खं यंत्र हाले. गल्ल्यावरून आवाज येई, "आरं, बटनं काय बापाची हाईत व्हय?" घरच्या पॅडवर अंगठा तेवढा दुखे, ओरडणारं कुणी नाही.

नंबर. जिंकेल तो उभा राही, हरेल तो बाजूला. पुढचा आपलं टोकन काचेच्या कडेला लावून ठेवी. टोकनं सगळी सारखीच, त्यामुळे कुठलं कुणाचं यावरून बाहेर रस्त्यावर जी जुंपे, ती पडद्यावरच्या लढाईपेक्षा जास्त वेळ चाले.