उष्णतेचा रंग

शिकलगार हे आमचे आडनाव आणि तोच आमच्या घराण्याचा धंदा. मूळ अरबी शब्द ‘सैकल’. हत्यार घासूनपुसून चकचकीत करण्याशी त्याचा संबंध. त्याला फारसी ‘गर’ जोडला गेला, सैकलगर झाला, आणि सातारा-सांगलीकडच्या खेड्यापाड्यांत पोचेपर्यंत त्याचा शिकलगार झाला. तलवारी गेल्या, तलवारी बाळगणारेही गेले. आमच्या अब्बांच्या वाट्याला विळे, कोयते, अडकित्ते आणि खाटकांच्या सुऱ्या आल्या. नाव मात्र टिकले.

आज ज्या शब्दाविषयी लिहायचे आहे त्याला असे नशीब लाभले नाही. तो शब्द ‘थर्मोक्रोस’. १८५० साली नेपल्समध्ये छापलेल्या एका फ्रेंच ग्रंथाचे ते नाव. पुढे काही काळ इंग्रजी पुस्तकांतून तो ‘थर्मोक्रोसी’ म्हणून वावरला आणि मग मोठ्या कोशांत जाऊन पडला. ग्रीक भाषेत एका तुकड्याचा अर्थ उष्णता, दुसऱ्याचा रंग. उष्णतेचा रंग. आम्ही तालुक्याच्या शाळेत हयातभर विज्ञान शिकवले, पण हा शब्द आम्हाला नोकरीच्या बाराव्या वर्षी भेटला. तोवर उशीर झाला होता. कशाला, ते पुढे येईलच.

‘उष्णतेचा रंग’ असे कोणी म्हटले तर आमच्या डोळ्यांपुढे प्रथम अब्बांची भट्टी येते. घराला लागून पत्र्याची शेड, आत भाता, ऐरण, पाण्याचा हौद. अब्बा दरवाजाची एक फळी नेहमी लोटून घेत. उन्हात लोखंडाचा रंग खोटा दिसतो, अंधारात खरा, असे ते सांगत. लोखंड आधी काळपट लाल होते, मग सुर्ख, मग नारंगी, मग पिवळे. पांढरे होऊन ठिणग्या उडू लागल्या की पोलाद जळाले, ते फेकून द्यायचे. घण कधी घालायचा आणि कधी थांबायचे हे सारे रंगावर. अब्बांनी आयुष्यात तापमापक हातात धरला नाही.

त्याहून नाजूक काम पाणी देण्याचे. लाल पाते पाण्यात बुडवले की ते कडक होते, पण काचेसारखे ठिसूळ. म्हणून ते घासून लख्ख करायचे आणि पुन्हा मंद आचेवर धरायचे. मग पात्यावर एकेक रंग सरकत येतो. आधी गव्हाळ, मग तपकिरी, मग जांभळा, मग निळा. वस्तऱ्याला गव्हाळ रंगावर थांबायचे, कोयत्याला जांभळ्यावर. निळ्यावर गेले की पाते मऊ पडले. पुढे आम्ही वर्गात शिकवू लागलो तेव्हा कळले की गव्हाळ रंग २२० ते २३० अंश सेल्सियसला येतो आणि निळा ३०० च्या आसपास, आणि हे रंग पोलादावर चढणाऱ्या ऑक्साइडच्या पातळ थराचे असतात. अब्बांचे शास्त्र एका वाक्यात होते. “रंग भागता, बेटा. पकडना आया तो शिकलगार, नई तो कोळशेवाला.”

आम्हाला पकडता आला नाही. आम्ही मराठी शाळेत रमलो, शिष्यवृत्ती मिळाली, बी. एस्सी. झालो आणि १९८१ साली मास्तर झालो. मोहल्ल्यातले पहिले. भट्टीवर धाकटा भाऊ बसू लागला. घरात कुणी काही म्हणाले नाही, पण अब्बांच्या शेजारची जागा आम्ही रिकामी केली याची बोच मनात होती. त्या बोचेपोटीच १९८२ च्या ईदला आम्ही आमच्या पगारातून अब्बांना एक काळा गॉगल आणला. संध्याकाळी त्यांचे डोळे लाल होत, पाणी येई. भट्टीचा उजेड डोळ्यांना लागू नये एवढाच आमचा विचार. दुकानात होता त्यातला सर्वांत काळा आम्ही निवडला.

अब्बांना तो आवडला नाही. “इसमें से सब लोहा कच्चा दिखता,” ते म्हणाले. तरी मुलगा मास्तर, त्याने आणलेला, म्हणून घालू लागले. रंग पाहायचा झाला की कपाळावर चढवायचा, पाहून झाला की खाली. मोहल्ल्यात लोक थट्टा करत. अब्बा कौतुकाने सांगत, “बडे बेटे ने लाया.”

सात-आठ वर्षांनी कोयते परत येऊ लागले. ऊसतोडीचा हंगाम सुरू झाला की आमच्या कोयत्याला मागणी असे, आणि त्याच कोयत्यांची धार आता दोन दिवसांत वळू लागली. तुटत नव्हती, वळत होती. म्हणजे पाते मऊ पडत होते. गिऱ्हाईक जुने, ते रागावले नाही. कोयता ऐरणीवर ठेवून नुसते उभे राहिले. अब्बांनी तो उलटसुलट करून पाहिला आणि पैसे परत दिले. त्या दिवसापासून पाणी द्यायचे काम त्यांनी धाकट्याकडे सोपवले. कारण सांगितले नाही.

कारण मोतीबिंदू होते. १९९१ साली एका शिबिरात त्यांच्या उजव्या डोळ्याचे ऑपरेशन झाले. पट्टी निघाली, जाड भिंगाचा चष्मा लागला आणि आठवड्याभरात अब्बा भट्टीपाशी जाऊन बसले. धाकटा एक पाते आचेवर धरून होता. जांभळा गेला, निळा आला. अब्बा पुढे वाकले आणि म्हणाले, “इतना नीला रहता क्या ये?” मग बराच वेळ गप्प बसले. डोळ्याचे भिंग पिवळे-तपकिरी पडत जाते तेव्हा निळा उजेड आधी अडतो. कितीतरी वर्षे निळा त्यांना निळा दिसतच नव्हता. जांभळ्याची वाट पाहत ते निळ्याच्या पुढे जात होते. रंग पकडणाऱ्याच्या डोळ्यांतूनच रंग पळाला होता, आणि ते त्यांना कोयत्यांनी सांगितले.

दोन वर्षांनी शाळेच्या ग्रंथालयातले जुने कपाट आवरताना वाळवीने कडा खाल्लेले एक इंग्रजी भौतिकशास्त्राचे पुस्तक हाती आले. त्यात ‘थर्मोक्रोसी’ हा शब्द होता. आम्हाला वाटले, हे अब्बांच्या भट्टीविषयीच असणार. ते पान आम्ही कपाटापाशी उभ्यानेच वाचले. त्यात अब्बांच्या भट्टीतला एकही रंग नव्हता.

शब्द घडवला मॅसेडोनिओ मेलोनी या इटालियन शास्त्रज्ञाने. १७९८ मध्ये पार्मा येथे जन्म, तिथेच भौतिकशास्त्राचा प्राध्यापक. १८३१ च्या राजकीय उठावात परागंदा व्हावे लागले. पुढे नेपल्सला स्थिरावला, व्हेसूव्हिअस ज्वालामुखीवरच्या वेधशाळेचा प्रमुख झाला. १८४८ च्या घडामोडींनंतर तेही पद गेले आणि १८५४ मध्ये पटकीने वारला. विल्यम हर्शेलने १८०० साली दाखवले होते की सूर्यप्रकाशाच्या पट्ट्यात लाल रंग संपतो त्याच्या पलीकडे, डोळ्यांना काही दिसत नाही तिथेही तापमापकाचा पारा चढतो. मेलोनी त्या न दिसणाऱ्या किरणांच्या मागे लागला.

त्याच्या प्रयोगाचे सामान साधे. एकीकडे उष्णतेचा उगम, म्हणजे कधी तेलाचा दिवा, कधी तापवलेले तांबे. दुसरीकडे उष्णता मोजणारे संवेदनशील उपकरण. मध्ये कसला तरी पातळ तुकडा. सैंधव मिठाच्या स्वच्छ स्फटिकातून दर शंभरातली ९२ भाग उष्णता पार जाई, मग उगम कोणताही असो. काचेतून दिव्याची ३९ भाग उष्णता जाई, सुमारे ४०० अंशांच्या तांब्याची अवघी ६, आणि १०० अंशांच्या तांब्याची शून्य. तुरटीचा तुकडा पाण्यासारखा नितळ, पण दिव्याची फक्त ९ भाग जाऊ देई आणि तापल्या तांब्याची मुळीच नाही. यावरून त्याने ताडले की उष्णता सारी एकजात नसते. जसे लाल, हिरवे, निळे किरण वेगवेगळे, तसेच उष्णतेचेही वेगवेगळे किरण असतात आणि एकेक पदार्थ त्यांतले काही गाळून घेतो. आपल्या डोळ्यांना सैंधव, काच आणि तुरटी तिन्ही बिनरंगी. उष्णतेच्या हिशेबाने मात्र एकटे सैंधव बिनरंगी, बाकीचे दोन्ही रंगीत. या अदृश्य रंगाला त्याने थर्मोक्रोस म्हटले.

म्हणजे लोखंड तापून लाल होते तो थर्मोक्रोस नव्हे. पोलादावर सरकणारा गव्हाळ-जांभळाही नव्हे. गरम चहा ओतला की चित्र उमटते अशा कपांचा रंग तर नव्हेच, त्याला थर्मोक्रोमिझम असा निराळा शब्द आहे. ते सारे उष्णतेमुळे दिसणारे रंग. हा खुद्द उष्णतेचा, न दिसणारा. पुढे प्रकाश आणि उष्णतेचे किरण एकाच जातीचे, फरक फक्त तरंगलांबीचा, हे सर्वमान्य झाले. मेलोनीनेही ते अखेरीस मान्य केले. रंगाऐवजी तरंगलांबीचा आकडा सांगता येऊ लागल्यावर शब्दाची गरज उरली नाही.

आमची नजर अडली ती एका छोट्या नोंदीवर. स्वच्छ गारेच्या स्फटिकातून दिव्याची ३८ भाग उष्णता गेली आणि धुरकट, काळपट स्फटिकातून ३७. डोळ्यांना एक पांढरा, एक काळा. उष्णतेला दोन्ही सारखे. शिवाय ज्यातून उजेड अजिबात जात नाही अशा काळ्या काचेतूनही उष्णता जाते, हेही मेलोनीने दाखवले होते.

काळ्या काचेतूनही. आम्ही पुस्तक मिटले आणि तिथल्या बाकावर बसून राहिलो.

९०० अंशांचे लोखंड कितीही लालबुंद दिसो, त्याच्या प्रारणातला अगदी थोडा भाग डोळ्यांना दिसतो. बाकी सारे लाल रंगाच्या पलीकडचे, अवरक्त. त्यातला लाल रंगाला लागून असलेला भाग डोळ्याच्या भिंगापर्यंत पोचतो. भिंगात रक्तवाहिन्या नाहीत, त्यामुळे तिथली ऊब लवकर निघून जात नाही. काच फुंकणाऱ्या आणि भट्टीवर राबणाऱ्या कामगारांना लवकर मोतीबिंदू होतो हे पाश्चात्त्य डॉक्टरांना फार पूर्वीपासून माहीत होते. विल्यम क्रूक्सने १९१३ साली त्यांच्यासाठी उष्णता अडवणाऱ्या खास काचा तयार केल्या. आणि काळ्या गॉगलमागे डोळ्याची बाहुली अंधार समजून मोठी होते, दार आणखी उघडते. आमच्या गॉगलने उजेड अडवला होता. उष्णतेचा रंग त्याने पाहिलाही नसेल.

अब्बांनी त्याआधी तीस वर्षे उघड्या डोळ्यांनी काम केले होते. वयानेही मोतीबिंदू होतोच. डॉक्टरांनी कारण सांगितले नव्हते आणि आम्हीही आज ते छातीठोकपणे सांगू शकत नाही. पण विज्ञानाचा मास्तर घरात असताना चुकीची काच घरात आली, एवढे खरे. हजार वर्षांपूर्वी इब्न अल-हैसम यांनी ‘किताब अल-मनाझिर’मध्ये प्रखर उजेडाने डोळ्याला इजा होते यावरूनच प्रकाश डोळ्यात शिरतो असा युक्तिवाद मांडला. सभेत भाषण करताना आम्ही त्यांचे नाव अभिमानाने घेत असू. घरच्या भट्टीपाशी काही ते आम्हाला आठवले नाहीत.

त्या रात्री इशाच्या नमाजनंतर आम्ही अब्बांना सारे सांगितले. सैंधव, तुरटी, काळी काच, सगळे. ‘थर्मोक्रोस’चे मराठी काय करावे ते सुचेना. ‘अब्बा, आग का एक रंग ऐसा है जो दिखता नई,’ एवढेच म्हणता आले. त्यांनी माफीचा विषयच होऊ दिला नाही. थोडा वेळ जाड चष्म्यातून आमच्याकडे पाहत राहिले आणि म्हणाले, “वो जाने दे. छोटा अब भट्टी पे बैठता. उसके वास्ते कौनसा काच होना, वो बोल.”

दुसऱ्या रविवारी आम्ही पुण्याला गेलो. दुकानदार काळे गॉगल पुढे करी आणि म्हणे, जेवढा काळा तेवढा चांगला. आम्हाला काळा नको होता. तिसऱ्या दुकानात लोखंडाचा अंश असलेल्या, भट्टीकामाच्या हिरवट काचा मिळाल्या. त्यातून धाकट्याला लोखंडाचा रंग बराचसा खरा दिसे. तो त्या वापरू लागला.

अब्बा २००४ साली वारले. त्यांचा काळा गॉगल अम्मीने ट्रंकेत जपून ठेवला होता. ‘बडे बेटे ने लाया’ म्हणून. अम्मीच्या पश्चात तो आमच्याकडे आला. परवा पुतण्या घरी आला होता, तेव्हा आम्ही एक प्रयोग केला. टीव्हीच्या रिमोटमधून अवरक्त किरण निघतात. ते डोळ्यांना दिसत नाहीत, पण पुष्कळशा मोबाईलच्या कॅमेऱ्यांना दिसतात. पुतण्याने मोबाईल धरला, आम्ही रिमोटचे बटण दाबले, पडद्यावर पांढुरका ठिपका लुकलुकला. मग मध्ये हिरवट काच धरली. ठिपका नाहीसा झाला. मग अब्बांचा गॉगल धरला. आमचा हात गॉगलमागे काळा पडला, दिसेनासा झाला. ठिपका होता तसाच लुकलुकत राहिला.

पुतण्या आता भट्टीवर बसतो, विजेवर चालणारा भाता आणला आहे त्याने. त्याने विचारले, “बडे अब्बा, याला नाव काय?” आम्ही सांगितले, इंग्रजीतले नाव आता कुणी वापरत नाही, मराठीत ‘उष्मवर्ण’ म्हणू या. त्याने तो शब्द दोनदा उच्चारून पाहिला. मग हिरवट काचेचा चष्मा शर्टाच्या खिशात नीट ठेवला आणि कोळसा उतरवून घ्यायचा आहे म्हणून उठला.